रुंजाजी नाईकाचा टापू

१३ नोव्हेंबर, गुरुवार

आले बाई एकदाची! अकोल्याहून पहाटेची एसटी, वाटेत उतरून दुसरी, आणि अंजनगाव सुर्जीपासून कुलदीपसरांच्या जीपमधून थेट धरणाच्या काठावर. निघताना बाबांनी विचारलं, गाईडला नक्की काय काम असतं? म्हटलं, दिवसभर बोलायचं. आई म्हणाली, मग दामिनी, घरी इतकी वर्षं फुकटच राबलीस.

अकोल्याच्या जुन्या शहरात लग्नांच्या हळदी आणि संगीतांमध्ये माईक धरून घसा बसवला, आता टापूवर धरायचा. हा टापू म्हणजे आधी नुसती टेकडी होती. धरणाचं पाणी आलं, गाव उठून वर गेलं आणि टेकडी गढीसकट मधोमध राहिली. केळी, सीताफळं, चिंचा, बारमाही हिरवंगार. कुलदीपसरांची ‘सातपुडा सैर’ शनिवार-रविवारी तिथे दिवसभराची सहल नेते. सकाळी घाटावर पोहे, मग नाव, गढी, दुपारी गोवऱ्यांवर भाजलेले रोडगे आणि वांग्याची भाजी, शेवटी बुरूज, आणि उन्हं उतरायच्या आत परत.

नाव किसनराव चालवतात. माळ्याचं घर त्यांचं. अर्ध्या पाण्यात आलं की वल्हं थांबवून खाली बोट दाखवतात, इथं त्यांची वांग्याची वाडी होती. मी राहते बेबीताईंकडे. रोडगे त्याच भाजतात, आणि पहिल्याच दिवशी मला चार खायला लावले. झोप अनावर झालीय.

१५ नोव्हेंबर, शनिवार

पहिली सहल. पार फज्जा. सरांनी दिलेली माहिती अर्ध्या पानाची. दगडी दरवाजा, त्याचा रुंद उंबरठा. मग पेव, म्हणजे जमिनीखालचं धान्याचं कोठार, वर माणूस उतरेल एवढं तोंड. मग बुरूज. मी दणक्यात सांगत होते आणि लोक मोबाईल बघत होते. एका काकांनी शेवटी विचारलंच, की इथं काही झालंबिलं नाही का कधी.

बुरुजाची मात्र एक गंमत आहे. नाव पाण्यात असली की तिच्यातलं बोलणं वर शब्दन् शब्द ऐकू येतं. किसनराव कुणाला तरी गुडघा दुखतो म्हणून सांगत होते, ते मी वरून ऐकलं. उलट वरून कितीही ओरडा, नावेत काही पोचत नाही. मी ओरडून पाहिलं.

१६ नोव्हेंबर, रविवार

आज जिंकलं! रात्रभर डोकं चालवून एक नाईक जन्माला घातला. नाव रुंजाजी. हे आमच्या लहानपणच्या घरमालकाचं नाव. तो डावा पाय ओढत जिना चढायचा आणि आम्ही दोघी बहिणी आतून कडी लावायचो. तोच पाय नाईकाला देऊन टाकला. दरवाजात उभं राहून सांगितलं, की धान्य चोरणाऱ्याचा हात रुंजाजी नाईक या उंबरठ्यावर ठेवायला लावायचा आणि कुऱ्हाडीनं बोटं उडवायचा. मग पायानं एक दगड पायरीवर ओढला. खर्रर्र. बायांनी पदर तोंडाला लावले. नंतर त्याच बाया उंबरठ्यावर हात ठेवून फोटो काढत होत्या. टाळ्या पडल्या!

परतताना किसनरावांनी विचारलं, हा नाईक कोण. म्हटलं, इतिहासातला. ते म्हणाले, गढीत कधी कोणी राहिलंच नाही, फक्त धान्य ठेवायचे आणि उंदीर होते. मी म्हटलं, काका, उंदरांसाठी कोणी तिकीट काढत नाही.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

खुशीचा फोन. धाकटी असून आजीसारख्या चौकशा करते. रोज झोपायच्या आधी वही लिहितेस का अजून, म्हणून चिडवलं. नाईकाची गोष्ट सांगितली तर अशी खूश झाली, म्हणाली, ‘मले पन टाक न त्याच्यात.’ टाकली. बुरुजावरचा शेवट आता असा आहे, की खुशी नावाची पोर नाईकाला नाही म्हणते, आणि तो तिला केसांना धरून बुरुजावर ओढत नेतो, कुऱ्हाड घालतो आणि पाण्यात लोटतो. खुशी हसून हसून बेजार. आम्ही दोघी अशाच, आमच्यातली कोण जास्त मसाला घालते सांगता यायचं नाही.

२२ नोव्हेंबर, शनिवार

सावकाश लिहिते.

अंजनगावचे एक पानमळेवाले बायकोबरोबर आले होते. मोठे हौशी. माझी गोष्ट झाल्यावर उंबरठ्यावर हात पसरून बसले, चेहरा रडवेला केला, आणि बायको समोरून फोटो काढायला लागली. मी चार पावलांवर होते. काहीतरी खाली आल्यासारखं वारं लागलं. मग ते आपल्या हाताकडे बघत राहिले. चार बोटं उंबरठ्याच्या अलीकडे, हात पलीकडे. रक्त नंतर आलं, आणि आलं ते माझ्या साडीपर्यंत. त्यांच्या बायकोनं ती बोटं रुमालात गोळा केली.

वरून दगडाची चीप निखळली, असं सगळ्यांनी ठरवलं. एक दगड पडलेला होता खरा. पण दगडानं चेचतं. हे सरळ कापलेलं होतं.

२३ नोव्हेंबर, रविवार

आज सहल रद्द होईल वाटलं होतं. उलट माणसं वाढली. कोणीतरी कालचा व्हिडिओ टाकलाय. सर म्हणाले, दगडाचं बघून घेतो, तू गोष्टीत अजून काहीतरी घाल. मी नाही म्हणायला हवं होतं. पण समोर एवढी माणसं तोंडाकडे बघत असली की माझी जीभ माझं ऐकत नाही. पेवाजवळ सांगितलं, की फितूर माणसाला नाईक ज्वारीत उलटा खुपसायचा आणि तो निपचित पडेपर्यंत पाठीवर उभा राहायचा.

उतरताना मी दगड ओढला नव्हता. तरी आवाज आला.

२९ नोव्हेंबर, शनिवार

अमरावतीचा एक पोरगेला माणूस पेवात उतरला. व्हिडिओसाठी. मी नको म्हणत होते. तो आतून हसत बोलत होता आणि बोलता बोलता घुसमटला. चौघांनी दोर लावून वर काढला. पाठीवर पावलाचा काळानिळा वण, एकाच पावलाचा, उजव्या. तोंड उघडलं तर आत ज्वारी. गच्च भरलेली, कोरडी, टपोरी. नाकातही. त्याच्या भावानं बोटांनी उकरून काढली तरी संपेना. दात पडले पण ज्वारी संपेना. मेला तो.

त्या पेवात धरण झाल्यापासून दाणा नाही.

पोलीस म्हणाले, आतल्या हवेनं गुदमरला. ज्वारीबद्दल कोणी काही लिहिलं नाही.

किसनराव परतताना वल्हं थांबवून माझ्याकडे वळले. मग म्हणाले, ‘त्याले इथं कावून आनलं तुमी?’ का आणलं? टाळ्यांसाठी. मला भीती वाटतेय, आणि भीतीपेक्षा जास्त लाज वाटतेय.

६ डिसेंबर, शनिवार

आठवडाभर बंद होतं. आज सुरू. ताप आलाय सांगून मी खोलीतच राहिले. वाटलं, मी नसले की गोष्ट नाही, गोष्ट नाही की तो नाही.

गोष्ट सरांनी सांगितली. स्वतःची भर घालून. नाईकाला जेवण आवडलं नाही तर तो स्वयंपाकणीचं तोंड चुलीत घालायचा, म्हणे.

बेबीताईंना झोळीत घालून आणलं. तोंडाची एक बाजू उरलेली नाही. रोडग्यांच्या गोवऱ्यांच्या आरात कोणीतरी त्यांचं डोकं दाबून धरलं होतं. माणसं आजूबाजूला जेवत बसली होती, कोणाला कोणी दिसलं नाही. दवाखान्यात नेण्याआधी त्यांनी माझा हात धरला. उरलेल्या ओठांनी म्हणाल्या, ‘पाय वढत आला वो बाई. माह्या मानेवर हात ठेवला त्यानं.’

म्हणजे मीच सांगायला पाहिजे असं नाही. कोणीही सांगो. तिथे सांगितलं की होतं.

बुरुजावरचं मात्र अजून झालेलं नाही. इतक्यांदा सांगून झालेलं नाही. त्याचं कारण आत्ता लक्षात आलं. त्यात नाव आहे. त्या नावाचं कोणी अजून आलेलं नाही.

उद्या नोकरी सोडते. सरांना सगळं सांगते, वेडी म्हणोत.

७ डिसेंबर, रविवार. घाट

खुशी आलीय.

तिघी मैत्रिणींना घेऊन. नवी लाल टोपी घालून. मला चकित करायला. सरांनी आणि तिनं मिळून ठरवलं म्हणे. परत जा म्हटलं तर हसली, तिला वाटलं मी नाटक करतेय. हात धरून जीपकडे ओढलं तर रडकुंडीला आली. मैत्रिणींसमोर माझी लाज वाटते का तुला, म्हणाली. असं कधी बोलली नव्हती ती मला.

सरांच्या पाया पडले. ते म्हणतात, बेबीताईंना भोवळ आली असेल. बुकिंग फुल आहे. तू येत नसलीस तर मी सांगतो गोष्ट. बुरुजावर पाटीही लावलीय त्यांनी, ‘खुशी बुरूज’. सगळे तिथेच फोटो काढायला येतात.

म्हणजे मला जायलाच हवं. गोष्ट माझी आहे. मी बदलीन.

दुपार, गढी

उंबरठ्यावर काही सांगितलं नाही. पेवाजवळ काही नाही. लोक कुरकुरतायत. खुशी माझ्याकडे बघतेय, तिला काळजी वाटायला लागलीय.

खर्रर्र. मागून. सगळ्यांनी ऐकलं.

खुशीनं विचारलं, स्पीकर कुठे लपवलाय.

बुरूज

सांगितलं. पटकन लिहिते.

म्हटलं, खुशी सापडली नाही. खुशी पोहून गेली. नाईकाला ती कधी सापडली नाही, कधीच नाही. लोक ओरडले, असं नाही, व्हिडिओत तर तो तिला मारतो. मी परत म्हटलं, सापडली नाही.

तेव्हा तो दिसला. माणसांच्या मागे. त्याला तोंड नाही, मी कधी सांगितलंच नव्हतं तोंड कसं आहे ते. कुऱ्हाड वर धरलेली. खुशीच्या मागे, अगदी मागे. वर गेलेली कुऱ्हाड रिकामी खाली येत नसते. कोणीतरी द्यावं लागणार होतं.

म्हटलं, खुशीला पळवलं तिच्या मोठ्या बहिणीनं. तिचं नाव दामिनी. नाईकानं दामिनीला बुरुजावर गाठलं, आणि—

पुढचं जमेना. म्हटलं, पुढचं नावेत सांगते, चला, उतरा. टाळ्या वाजवत उतरले.

तो खुशीच्या मागून हलला. माझ्याकडे आला.

खुशीला पहिल्या खेपेला नावेत घातलं. तोवर हा माझ्या मागे. उरलेली माणसं खाली पाण्याकाठी. मी पुन्हा वर आले. हा माझ्यामागे वर येईल, खाली जाणार नाही. गोष्ट अजून माझ्याजवळ आहे.

तो जिन्याच्या तोंडाशी बसलाय. कुऱ्हाड मांडीवर. काही करत नाही. वाट बघतोय. शेवट सांगितलेला नाही ना. मी नाही सांगणार. नाही सांगितला तर—

नाव निघाली. खुशी गेली. गेली, सुटली. लाल टोपी दिसतेय. रडू येतंय आणि हसूही येतंय.

अर्ध्या पाण्यात आहेत. किसनरावांच्या वाडीवर. बोलणं येतंय. सगळं येतंय. तोही ऐकतोय. लोक विचारतायत, त्या दामिनीचं काय झालं मग. पुढचं नावेत सांगते म्हणाली होती गाईड. पैसे कशाचे घेता—

नको.

खुशी हसतेय. ‘मी सांगतो न. माही बहीन आहे थे. मले मालूम आहे पुढचं.’

खुशी नको. सुटली म्हण. सुटली एवढंच—

ओरडले. जात नाही. इथून तिकडे जात नाही. टोपी वळतसुद्धा नाही—

तो उभा राहिला.

छान सांगतेय. थांबत थांबत. माझ्यासारखीच. लोक गप्प झालेत. किसनराव काहीतरी म्हणाले, तिनं त्यांना थांबा म्हटलं—

खर्रर्र

‘दामिनीले रोज वही लिहाची सवय होती. बुरुजावर बसून बी लिहूनच राह्यली होती. म्हून नाईकानं पयले तिचा उजवा हा—