शिवेवरची हाक

४ मार्च १९७६, गुरुवार

रहिमतपूरचे पाहुणे येऊन गेले. नात पसंत. शालन चहाचा ट्रे घेऊन आली तेव्हा कप वाजत होते, पण थेंब सांडला नाही. मुलगा शांत वाटला. जमल्यातच जमा होतं. तेवढ्यात मुलाच्या चुलत्यानं पानाला चुना लावता लावता विचारलं, "मास्तर, पत्रिकेत पोरीच्या बापाच्या नावाआधी काय घालायचं? श्री. का कै.?"

आत भांडी घासल्याचा आवाज येत होता, तो थांबला.

"कळवतो," म्हणालो.

"कळवा. म्हंजे आमच्या बायकास्नी बी कळंल, विहीणबाईला कुंकू लावायचं का न्हाई ते."

वाईट बोलला नाही तो. विचारायलाच हवं होतं. बारा वर्षांत आम्ही घरातल्यांनी एकमेकांना ते विचारलं नव्हतं, इतकंच.

५ मार्च

झोप नाही. सगळं आठवत पडलो.

थोरला मुलगा विट्याच्या एका दुकानदाराबरोबर पार उत्तरेला गेला होता, सोनं-चांदी गाळायच्या दुकानात. इकडचे कितीतरी जातात. दोन दिवाळ्यांना घरी आला. तिसऱ्या दिवाळीला दुकानदार एकटाच आला, उंबऱ्याबाहेर उभा राहिला. म्हणाला, सकाळी चहा प्यायला म्हणून बाहेर पडला, अंगात बनियन, पायात वहाणा. परत आला नाही. भांडण नाही, चोरी नाही. पोलिसांत सांगून झालं. धाकटा बापू दोनदा तिकडं जाऊन आला. शालन तेव्हा पहिलीत.

७ मार्च, रविवार

अनसू, म्हणजे थोरल्याची बायको, नवऱ्याचं नाव घेत नाही. इकडं कुणीच बाई घेत नाही, घेतलं की त्याचं आयुष्य कमी होतं म्हणतात. पण हिचं सगळं टोकाचं. लग्नात बायकांनी दारात अडवून उखाण्यासाठी हट्ट धरला तर एवढीशी पोर रडायलाच लागली. शेवटी शेजारणीनं तिच्या वतीनं म्हटला.

तो हरवल्यापासून, त्या नावाची पहिली अक्षरं ज्या शब्दात येतील तो शब्दही ती उच्चारत नाही. एका वाराला ती 'महादेवाचा वार' म्हणते. आधी आम्ही हसायचो. मग आमची ही तसंच म्हणायला लागली. मग बापू. मग किराणा दुकानदार. शालन शाळेत वार म्हणताना रविवारवरून थेट मंगळवारावर गेली आणि छडी खाऊन आली. गावात त्याच नावाचा आणखी एकजण आहे, त्याला आता सगळे नाना म्हणतात. कुणी ठरवलं नाही, कुणी बजावलं नाही. एक शब्द गावातून आपला आपण उठून गेला.

मीही या वहीत 'थोरला' नाहीतर नुसतं 'थो.' असंच लिहितो. आज चाळून पाहिलं. नाव कुठेच नाही.

१२ मार्च, शुक्रवार

भटजींना विचारून आलो. म्हणाले, बारा वर्षं उलटली, शास्त्र मोकळं करतं. दर्भाचा माणूस करायचा, त्याला त्याचं नाव द्यायचं, आणि रीतसर अग्नी द्यायचा. "मास्तर, ज्याला नाव दिलं तो तोच झाला. मग तो गवताचा असो."

आमच्या भावकीत त्याआधी एक रीत आहे. शिवेवर उभं राहून घरच्यांनी नाव घेऊन हाक मारायची. आधी बापानं, मग भावानं, शेवटी बायकोनं. ओ आली नाही की माणूस गेला. फाल्गुनी अमावास्या धरली आहे. बापू म्हणतो, पाडव्याच्या आत उरकलेलं बरं.

ही म्हणाली, "आवं, करून टाका. मला मरायच्या आदी कळू द्या, रडायचं का वाट बगायची."

२२ मार्च, महादेवाचा वार

अनसूशी बोललो. ती जोंधळे पाखडत होती. सूप थांबवलं नाही तिनं.

"मामंजी, तुमी हाक मारा. भावजींनी मारावी. माझी कशाला?"

रीत सांगितली.

"म्हंजे सगळ्यांनी मारून बघायचं, आन् शेवटचा घाव माझ्या तोंडानं."

सुपाचा आवाज वाढला.

"बारा वर्सं दात दाबून धरलं ते यासाठी व्हय? त्यास्नी जिवंत ठिवलं ते कुणी? पोलिसांनी का दुकानदारानं?"

बापू दारातूनच ओरडला, "वयनी, शालनचं लगीन मोडलं तर कुणाला हाक मारशीला?"

सूप थांबलं. म्हणाली, "मारते." मग हळूच, "पर एकदाच. दुसऱ्यांदा मारा म्हनायचं न्हाई."

२६ मार्च, शुक्रवार

शाळेतले दिवस फार येतात डोळ्यांपुढं. चौथी सुटायच्या आधी कवितेचा तास. पोरं चालीवर म्हणायची, अर्थ कुणालाच ठाऊक नसायचा, मलाही निम्मा. पण म्हणता म्हणता खिडकीबाहेरची चिंच वेगळी दिसायची. आधी चाल येते, अर्थ पुष्कळ मागून येतो, कधी आयुष्यभरानं. थो. माझ्याच वर्गात होता. पाखराच्या कवितेत शेवटच्या ओळीआधी तो एक श्वास थांबायचा, सगळा वर्ग त्याच्यासाठी थांबायचा. मी मास्तर असून थांबायचो.

हाक मारायची सवय करावी म्हणून आज मळ्यात एकटाच गेलो. बारा वर्षांत ते नाव तोंडात नाही. विहिरीजवळ उभा राहिलो. येईना. मग युक्ती केली. त्याच्या वर्गाची हजेरी तोंडपाठ आहे, ती म्हणायला लागलो. एकेक नाव, त्याची जागा येईपर्यंत. जागा आली आणि जीभ पुढच्या नावावर गेली. पुन्हा पहिल्यापासून. पुन्हा तिथंच. जिन्यात एक पायरी नसावी तसं.

हजेरी अर्धीच टाकून घरी आलो.

३० मार्च, अमावास्या

आधी लिहून टाकतो, नाहीतर उद्या वाटेल की मीच रचलं.

भर दुपारी शिवेवर गेलो. मी, बापू, अनसू, भटजी. पलीकडं माळ आणि समोर डोंगराचा उभा कडा. सावली पायाखाली. दर्भाचा माणूस बापूनं धोतरात गुंडाळून आणला होता, माणसाएवढा, पण लेकरासारखा हलका. झुडपाच्या आडोशाला निजवला. भटजी म्हणाले, "मास्तर, मारा."

कसं कोण जाणे, तोंड उघडलं आणि नाव आलं. वर्गात हाक मारावी तसंच, कोरडं. कड्यावर आपटून परत आलं, स्वच्छ, माझ्याच आवाजात. वाट पाहिली. काही नाही.

बापूनं मारली. त्याचा आवाज फाटला. तीही परत आली, तशीच फाटलेली.

अनसू पुढं झाली. पदर सारखा केला. मला वाटलं कुजबुजेल. तिनं अशी हाक मारली की जशी ओढ्यावर गेलेल्या माणसाला जेवायला बोलवावं. मोठ्यानं, जरा रागानं, लाडानं. ते नाव तिच्या तोंडात नवंकोरं होतं, बारा वर्षांत कुणाचा हात न लागलेलं.

ती हाक परत आली नाही.

आम्ही उभे राहिलो. कडा तोच, वारा नव्हता. माझी आली, बापूची आली, तिची आली नाही. भटजींनी माझ्याकडं पाहिलं, मी त्यांच्याकडं.

बापू म्हणाला, "वयनीचा आवाज बारीक हाय, पोचला नसंल. पुन्यांदा मारा."

"न्हाई," अनसू म्हणाली. "पोचला."

भटजींनी पळी-पंचपात्र पिशवीत भरलं. "परत आली असती तर मी लगेच सुरू केलं असतं. ही हाक कुणी ठेवून घेतली असेल तर मी अग्नी कसा देऊ? मला माहीत नाही, मास्तर. माझ्या पोथीत हे नाही."

दर्भाचा माणूस तसाच परत आणला. गोठ्याच्या माळ्यावर ठेवलाय.

३१ मार्च, पाडवा

सुतक धरायचं की नाही, कुणालाच कळेना. आम्ही उठायच्या आधी अनसूनं गुढी उभारली होती. काठी तिनं एकटीनं कशी बांधली कुणास ठाऊक. ही नुसती गुढीकडं बघत चुलीपाशी बसली.

२ एप्रिल, शुक्रवार

अनसू आता नाव घेते.

साधं, येता-जाता. सकाळी अंगण झाडताना ऐकलं. पाणी तापत ठेवताना ऐकलं. शिवेवर घेतलं म्हणजे बांध फुटला असेल, असं बापू म्हणतो. असेल. पण ती नाव घेते आणि थांबते. माणूस उत्तर देईल तेवढीच थांबते. कधी जरा जास्त, मग "व्हय व्हय" करते. परवा हसली. शालन स्वयंपाकघरातून पांढरीफटक बाहेर आली. "आबा, आई कुनाशी बोलत्या?"

म्हटलं, स्वतःशी.

"स्वतःशी बोलताना मानूस असं ऐकतं व्हय?"

इतकी वर्षं शिकवलं मी, शब्दांचा अर्थ कसा लावायचा. ती जागा कशी वाचायची असते, जिथं शब्दच नाही?

६ एप्रिल, मंगळवार

रहिमतपूरहून चुलते पुन्हा. पत्रिका छापायची आहे. चिडलेले नव्हते, काळजीत होते. "मास्तर, आमचं काय म्हननं न्हाई. बाप हाय म्हना, न्हाई म्हना. पर एक काय तरी म्हना."

मी बोलायच्या आत अनसू आतून म्हणाली, "श्री. छापा."

चुलते: "मग बोहल्यापाशी हुबं कोन ऱ्हानार, बाई?"

"येत्यात की."

इतकं सहज म्हणाली की त्यांनी मान हलवली. निघताना अंगणात माझा हात धरला, "पत्र-बित्र आलं व्हय? आमाला सांगायचं तरी." त्यांचा विश्वास बसला होता. बापू डोक्याला हात लावून बसला. "आबा, आता मांडवात मानूस कुठनं आनायचा?"

मी तिला समजावणार होतो. उंबऱ्यापर्यंत गेलो. ती बोलत होती, मग थांबली होती. त्या थांबण्यात पाऊल टाकायचा धीर झाला नाही. कुणाचं तरी बोलणं मध्येच तोडल्यासारखं झालं असतं.

९ एप्रिल, शुक्रवार

बापूनं माळ्यावरचा दर्भाचा माणूस उतरवला, गुपचूप जाळून टाकतो म्हणाला. मी नको म्हटलं. त्याला नाव दिलेलं नव्हतं, एवढंच. बिननावाचं काय जाळणार?

दुपारी जेवायला बसलो. ही माहेरी गेलेली, शालन शेजारणीकडं. अनसू वाढत होती. भाकरी ताटात टाकली, परसदाराकडं तोंड करून तिनं नाव घेतलं, काहीतरी विचारलं, कांदा फोडून देऊ का असलं काहीतरी. थांबली. मी घास हातात धरून ऐकत होतो. दार उघडं, ऊन, दोरीवर धोतर. काही ऐकू आलं नाही मला. खरंच नाही.

मग ती माझ्याकडं वळली. चेहऱ्यावर किंचित रुसवा, सासऱ्यानं काहीतरी टाळल्यासारखा.

"मामंजी, किती येळ झाला तुमाला हाक मारत्यात. ओ द्या की."

घास ताटात ठेवला. संध्याकाळ झाली. ती दोनदा येऊन बघून गेली. मी अजून ओ दिलेली नाही.