नवरदेवाच्या मामाची चौकशी

धुळे, ४ मार्च २०२३

ती. स्व. प्रेमराजभाऊंस, सा. न. वि. वि.

फोनवर तुम्ही मध्येच तोडता, म्हणून लिहिते. संस्थेने मला बडतर्फ केलं. गुन्हा एवढाच की अध्यक्षांच्या पुतण्याच्या लग्नात पाहुण्यांना सरबत वाटायला वसतिगृहाच्या मुली मागवल्या, आणि त्यांची अधीक्षिका म्हणून मी नाही म्हणाले. दुसऱ्या दिवशी त्यांची परीक्षा होती.

चौकशी कोणी केली? नवरदेवाच्या मामाने. ढेकर देत बसला होता. लग्नाचं जेवण पचलं नसावं. साक्षीला अध्यक्षांचा ड्रायव्हर, म्हणे मुली न्यायला आला तेव्हा मी त्याला शिव्या दिल्या. त्याला दोन प्रश्न विचारू का म्हटलं, तर मामा म्हणाला, घरच्या माणसाला काय विचारायचं! शिपाई सुपडू बाहेर आल्यावर पुटपुटला, बठ्ठं खोटं शे अक्का. सगळं खोटं, हे आत सांगायला मात्र तयार नाही.

मी कोर्टात जाते आहे. आशीर्वाद द्या, सल्ला नको. वहिनींना नमस्कार.

तुमची,
रत्ना

एरंडोल, १२ मार्च २०२३

चि. रत्नास अ. उ. आ.

सल्ला नको म्हणतेस, म्हणून देतोच. नाकाने कांदे सोलायची तुझी सवय जुनी. चार पोरींनी चार ग्लास उचलले असते तर हात झिजले असते का? इथले वकील म्हणतात, कोर्ट खरंखोटं पुन्हा तपासत नाही, चौकशी रीतसर झाली का तेवढं बघतं. शिवाय माझ्या भाविकाला त्याच संस्थेत शिक्षिका म्हणून लावायचं आहे. मी स्वतः जाऊन बोलून आलो. अध्यक्ष दिलदार माणूस. दोन ओळी माफी लिही नि मोकळी हो.

वहिनीने केळीचे वेफर्स पाठवलेत. खा, म्हणजे तोंड बंद राहील.

तुझा भाऊ,
प्रेमराज

धुळे, २० जून २०२५

ती. स्व. भाऊंस, सा. न.

तुमच्या तिकडचे वकील बरोबर बोलले. कोर्ट म्हणालं, सरबताचा निवाडा आमचा नव्हे. पण नवरदेवाचा मामा न्याय करायला कसा बसला, आणि साक्षीदाराला प्रश्न का विचारू दिले नाहीत? बडतर्फी रद्द झाली. मला कामावर घ्यायचं, आणि संस्थेला वाटल्यास त्रयस्थाकडून नवी चौकशी करायची.

तुमच्या दिलदाराने लगेच निरोप धाडला, की माफी लिहून द्या, चौकशी सोडून देऊ. मी कळवलं, चौकशी हवीच. पुन्हा काढतील ही भीती आहेच. पण त्या दिलदाराला समोर बसवून विचारायचा हक्क आता माझा आहे.

रत्ना

एरंडोल, २ जुलै २०२५

चि. रत्नास अ. उ. आ.

माझी बहीण जिंकली म्हणून गावभर सांगितलं. पण आता पुरे. अध्यक्षांचा फोन होता. भाविकाची ऑर्डर तयार आहे, तुझ्या माफीवर अडली आहे. भाचीचं नशीब लाथाडू नकोस.

प्रेमराज

धुळे, ९ सप्टेंबर २०२५

ती. स्व. भाऊंस, सा. न.

चौकशी झाली. मुक्ताईनगरचे एक निवृत्त प्राचार्य बसले होते, कोणाचेच मामा नसलेले. अध्यक्ष म्हणाले, वसतिगृहाच्या मुली आमच्या घरच्याच, घरच्या कार्यात कसला कमीपणा? मी विचारलं, तुमच्या स्वतःच्या मुली तेव्हा कुठे होत्या? म्हणाले, स्टेजजवळ, सोफ्यावर. मग सरबत कोणी वाटलं? केटररच्या माणसांनी. म्हणजे माणसं होती तर, एवढंच मी म्हटलं. प्राचार्यांनी मान वर करून त्यांच्याकडे पाहिलं. अध्यक्षांसोबत आलेला मामा तोंड पुसत उठून गेला. माझ्यावरचा एकही आरोप टिकला नाही.

भाविका परवा आली होती. तिने तिथला अर्ज मागे घेतला. तुम्हाला सांगायला घाबरते, म्हणून मी सांगते. तिच्यावर रागावू नका. म्हणाली, आत्या, त्या माणसाच्या ओसरीवर बाबा पुन्हा टोपी काढून बसलेले मला बघवणार नाहीत.

तिच्यावरचा लोभ तेवढा कमी करू नका.

रत्ना