पीओपीची चाळीस फुलं

२८ ऑगस्ट, गुरुवार
आज आठ गुलाब झाले. आधीचे बत्तीस. चाळीस. आता बस.
पुढच्या शुक्रवारी अंबडला बचत गटाचं प्रदर्शन. मला अर्धा टेबल भेटलाय. टेबलावर नावाची पाटी लावणार म्हणे. रेशनकार्ड सोडून माझं नाव कुठं लिवलेलं मी बघितलं न्हाई.
पाकळी चमच्याच्या पाठीवर चांगली वळती. पर जल्दी करावं लागतं, हात थांबला की पीओपी दगड. आत्याबाई, म्हंजे माझी सासू, दारातून बघून गेल्या. म्हणल्या, पुन्ना चुना कालवीत बसलीस का. मी पुढची पाकळी वळली. हात भरलेले होते.

३० ऑगस्ट, शनिवार
झिमझिम. फुलं वाळंनात. गालाला लावले की गार लागतात, म्हंजे आत पाणी हाय. वाळल्याबिगर रंग न्हाई. उद्या महालक्ष्म्या बसतील त्या खोलीत पंखा हाय, तिथं ताटांत मांडून ठेवले. आत्याबाईला बराबर सांगितलं, हात लावू नका. मान हलवली.

१ सप्टेंबर, सोमवार
महालक्ष्म्यांच्या जेवणाचा दिवस. सकाळपासून पुरण आन् सोळा भाज्या, मी चुलीपुढं. नैवेद्य घेऊन खोलीत गेले तं माझे चाळीसच्या चाळीस फुलं देवीच्या पायाशी. एकेकावर पाणी शिंपडून हळदी-कुंकू. ओलं पीओपी हळद पितं. पुसलं तं अजूनच पसरली.
आत्याबाई म्हणल्या, "देवीपुढं फूल ठेवलं, मंग वाहायचं न्हाई?"
सवाष्णी बसल्या होत्या म्हणून तोंडात आलेलं गिळलं.
ते बी सोडलं असतं. पर सांजच्याला बाया आल्या. शेजारची सुमनबाई म्हणली, फुलं लई भारी, कुठून आणले? मी करंडा घेऊन तिथंच उभी.
आत्याबाई म्हणल्या, "बाजारातून."
देवीला माझ्या हातचं चाललं. सुनेचं नाव घ्यायला जीभ जड झाली.

२ सप्टेंबर, मंगळवार
सुरीनं खरडून बघितलं. दोन फुलांच्या पाकळ्या गेल्या, पिवळं तसंच. पांढरा रंग मारला, वाळला की पिवळं वर. नवे करावे तं वाळायलाच चार दिवस. जाऊ दे. पिवळेच नेते.
विसर्जनाला आत्याबाई माझे फुलं निर्माल्याच्या टोपल्यात भरायला लागल्या. विहिरीत सोडायचे म्हणे. वाहिलेलं विकलं तं घरावर येतं. मी टोपलं ओढलं. म्हणलं, हे विरघळत न्हाईत, तळाला पडून राहतील, पाणी शेंदताना रोज बघत बसा.
मालकाला म्हणलं, तुम्ही तरी बोला. "तुमचं तुम्ही बघा." गेले रानात. जसं काय कपाशी ह्यांचीच वाट बघून राह्यली.

४ सप्टेंबर, गुरुवार
अडतीस फुलं जुन्या लुगड्यात गुंडाळून खोक्यात भरले. दोन दिस झाले, बोलणं न्हाई. मी ताट आपटते, त्या गिलास आपटतात.
खोटं कशाला लिहू. भेव मलाबी हाय. वाहिलेलं ते देवीचं. पर कुणी केलं ते देवीला ठाऊक हाय. तिला कुणी बाजारातून म्हणलं न्हाई.

५ सप्टेंबर, शुक्रवार
साडेनऊ. घनसावंगीची जीप दहाला, तिथून अंबड. नवी साडी नेसून बसलेय, खोकं बाजूला. आत्याबाई उंबऱ्यात बसल्यात. हातात सूप, सुपात काहीच न्हाई. म्हणतात, देवीचं घेऊन हा उंबरा वलांडायचा न्हाई.
भांडून भांडून घसा बसला. शेवटी म्हणलं, "सुमनबाईला सांगा फुलं कुणी केले. तुमच्या तोंडानं. मंग मीच विहिरीत सोडते."
त्या रिकामं सूप पाखडायला लागल्या. 
वहीत लिहीत बसले, न्हाई तं हातानं काहीतरी फुटलं असतं.
सुमनबाईच आली. विरजण मागायला. खोक्याकडं बघून इचारून राह्यली, सकाळीच कुठं निघालात?
मी मान वर केली न्हाई. टेबलावरच्या नावाच्या पाटीचं मनातून काढून टाकलं, पुन्ना आलं.
बाहेर जीप हॉर्न वाजवून राह्यली. आत्याबाईनं सूप खाली ठेवलं आन् सुमनबाईकडं तोंड वळवलं.