दोन बोटांपुरता कॉर्ड

शास्त्री नगर, जयपूर
१२ जानेवारी २०२५

चि. परेशस अ. आ. व जयभीम.

जेलमध्ये थंडी फार असेल. स्वेटर पाठवला होता, मिळाला का? माझा बीपी वाढलेलाच आहे. फाटक वाजलं तरी उठून कडी बघतो.

तुझ्या पोरीच्या, गौतमीच्या डाव्या हाताचं प्लास्टर निघालं. करंगळी आणि शेजारचं बोट वळत नाही, पुढेही वळणार नाही म्हणतात. रेल्वेची परीक्षा बुडवून गिटारच्या क्लासला गेली, चूक झाली तिची. म्हणून तू आधी गिटार तिच्या पाठीवर फोडलीस, मग हात उंबऱ्यावर दाबून पाना मारलास. चार वेळा. तिसऱ्यालाच हाड वाजलं होतं रे. आणि मी? दूध उतू जात होतं, गॅस बंद करायला गेलो.

आता तिने उसनी गिटार आणली आहे. मानसरोवर कॉलनीत राजन सर जॅझ शिकवतात, त्यांच्याकडे जाते. एकटीला सोडायची भीती वाटते, म्हणून मीही जातो. सरांना म्हणालो, पोरीला उगाच छळू नका. ते हसले. म्हणाले, बाबाजी, सगळ्या तारा दाबायला सांगितलंय कोणी?

वेळेवर जेव. म्हाताऱ्यावर राग धरू नकोस.

बळवंत


जयपूर
२० जानेवारी

ती. बाबांस जयभीम, वि. वि.

चिठ्ठी वकिलाच्या माणसाबरोबर पाठवतो, वाचून फाडा. तेव्हा घरात आपण तिघंच होतो. तुम्ही कोर्टात म्हणा, हात लोखंडी फाटकात चेंगरला. वकील म्हणतो, तेवढ्यावर सुटेन. नाहीतर नोकरी गेली.

आणि मला शहाणपण शिकवू नका. तुमचा पट्टा बक्कलाकडून लागायचा, पाठीवर खुणा अजून आहेत. आईचा दात कोणी पाडला? तेव्हा तुम्हाला कोणी कोर्टात नेलं? उलट बोललात तर बाहेर आल्यावर गौतमीचा दुसराही हात ठेवणार नाही, आणि तुमचं वयही बघणार नाही.

गोळ्या चुकवू नका. तारखेला धड उभं राहायचं आहे.

तुमचा,
परेश


शास्त्री नगर
६ मार्च

चि. परेशस अ. आ.

चिठ्ठी फाडली नाही. सरकारी वकिलांना दिली.

तारखेच्या आदल्या दिवशी क्लासला गेलो होतो. सरांनी गौतमीला मधल्या दोनच तारा दिल्या, चालणाऱ्या दोन बोटांपुरत्या. कॉर्ड म्हणजे एकदम वाजणारे सूर; त्यातला तळाचा सोडून द्यायचा, तो बास गिटारवाला वाजवतो. आपण तिसरा आणि सातवा तेवढा धरायचा. मग एक बोट जागेवर ठेवून दुसरं गिटारच्या पट्टीवर एकच घर मागे सरकवलं, तर सुरांचा सगळा रंगच पालटला. मला त्यातलं काय कळतंय? पण तिने तेच तासभर केलं. मेलेली बोटं तारांना अडत होती, ती बाजूला दाबायची, रडायची, हिंदीत शिव्या द्यायची. शेवटी म्हणाली, आजोबा, मतलब पूरा कॉर्ड ह्यातच आहे, सुनो तो सही. मी ऐकलं. टाके घातलेली कातडी डोळ्यांसमोर होती.

दुसऱ्या दिवशी मी खरं सांगितलं. पाना माझ्या रेल्वेतल्या गँगमनच्या नोकरीतला, तोही ओळखला. तुझ्या वकिलाने विचारलं, मग अडवलं का नाही? मी म्हणालो, साहेब, मारायला त्याला मीच शिकवलं आणि मी म्हातारपणी त्यालाच घाबरलो. पट्ट्याचं सांगितलं, तुझ्या आईच्या दाताचंही सांगितलं. शेवटी जजबाईंनी खुर्ची द्यायला लावली.

काल गौतमी घर सोडून गेली. कुठे, ते सांगायला लागली तेव्हा मी तिच्या तोंडावर हात ठेवला. तू सुटलास की आधी इथेच येशील. मला मार सोसत नाही, दुसऱ्या फटक्याला मी सगळं ओकून टाकेन. म्हणून ठाऊकच करून घेतलं नाही. तू कितीही मारलंस तरी माझ्याकडून काही निघणार नाही.

दार उघडंच असेल. माया उरली असेल तर तेवढी ठेव.

तुझा बाप,
बळवंत