गुबऱ्याचा आवाज

ठाणे,
रविवार

प्रिय बायजाआत्या,

आधी 'तीर्थरूप' लिहिलं होतं. पण तसं लिहिलं की पुढचं सगळं ताठ बसून लिहावं लागतं, म्हणून तो कागद फाडला. पत्र बघून दचकू नकोस. आमच्याकडे सगळे धडधाकट आहेत. फोन असताना पत्र कशाला, असं तुला वाटेल. फोन करून पाहिला गं, नाही जमलं. का नाही जमलं तेही सांगते. फक्त एक कर, चष्मा लाव आणि हे तुझं तूच वाच. रूपेशच्या हातात देऊ नकोस. तुझा मुलगा असला तरी तो वाचताना मधल्या ओळी गाळतो आणि शेवटचं आधी सांगून टाकतो. अंगणवाडीची ती किचकट परिपत्रकं तू एकटी वाचतेस, मग माझं अक्षरही लागेल तुला.

सुरभीचा पुढचा दात पडला. तो तुझ्या कौलांवर टाकायचा म्हणून तिने काड्यापेटीत जपून ठेवलाय. इकडे आमच्या इमारतीला कौलं कुठली. तुझी कुत्री कशी आहेत? तलाठी अजून बोलावलं की जागेवर नसतो का? ग्रामसेवकाच्या पायाची जखम भरली का? आणि वायरमन? मी सुरभीला ही नावं सांगते तेव्हा ती पोट धरून हसते, आणि वायरमनचं नाव वायरमन का, हे मला दर वेळी पहिल्यापासून सांगावं लागतं: अख्खा गाव अंधारात असताना हाका मारल्या तरी येत नाही, आणि उजेड आला की शेपूट हलवत पहिला हजर, म्हणून.

परवा भांडी घासताना मला आपलं पळसदरीचं पहिलं घर आठवलं. आई गेली आणि अप्पा मला तुझ्याकडे सोडून चौक गावातल्या गॅरेजवर परत गेले, ते दिवस. घाट चढायला मालगाडीला मागून इंजिनं लावायची आणि ती सगळी मिळून भोंगा द्यायची, तेव्हा मी तांदळाच्या कणगीमागे जाऊन बसायची. तू मला ओढून बाहेर काढलं नाहीस. तू स्वतःच आत आलीस, एवढ्याशा जागेत अंग चोरून बसलीस आणि म्हणालीस, "घाबरू नको गं, मी हाय ना." गाडी जाईपर्यंत बसलीस. चुलीवरचा भात करपला आणि तुझे मामंजी ओरडले, तरी बसलीस. पुढे तेच वाक्य मी तुझ्या तोंडून किती वेळा ऐकलं. धरणाच्या सांडव्यावरून जाताना, कर्जतच्या दवाखान्यात सुईच्या वेळी, आणि पुण्याच्या होस्टेलच्या दारात, माझी ट्रंक खाली ठेवताना. त्या दारात तीन-चार मुली उभ्या होत्या आणि त्या ते ऐकून एकमेकींकडे बघून हसल्या. तू पाहिलंस की नाही, मला माहीत नाही. मी पाहिलं. दिवाळीला घरी आले तेव्हा माझी 'हाय-नाय' गेली होती. तू आळीभर सांगत फिरलीस, "आमची हर्षी आता पुस्तकासारकी बोलते." केवढी खूश होतीस तू.

आता त्या कुत्र्यांच्या मालिकेबद्दल. ती कशी होते हे मी तुला कधी नीट सांगितलंच नाही, नुसतं 'मराठी मीच लिहिते' म्हणून मिरवलं. चित्रं परदेशातून तयार येतात. पाच कुत्री, डोंगर चढतात, नद्या पोहतात, कुणी हरवलं की शोधून आणतात. आपण फक्त त्यांच्या तोंडात मराठी घालायची. कुत्र्याचं तोंड जेवढं उघडतं तेवढंच वाक्य हवं. तोंड मिटलं आणि शब्द उरला तर तो कापायचा, तोंड उघडं राहिलं तर शब्द वाढवायचा. दिवसदिवस मी कुत्र्यांची तोंडं बघत बसते, म्हटलं तर तुझंच काम पुढे चालवते. शेरा हा म्होरक्या, निळी हुशार, दोघं जुळे शूर, आणि पाचवा गुबऱ्या. तो जाडा, खादाड आणि भित्रा. आमचे दिग्दर्शक म्हणाले, "याला जरा गावरान करा, मुलं हसली पाहिजेत." मी मान डोलावली. पहिल्याच भागात गुहेतून गुरगुर येते, गुबऱ्या छाती काढून पुढे होतो, पिल्लाला काहीतरी म्हणतो आणि सगळ्यांत आधी स्वतःच झुडपात पळून जातो. त्या 'काहीतरी'ला मी किती वाक्यं लावून पाहिली, एकही बसेना. मग तुझं लावलं. "घाबरू नको रं, मी हाय ना!" शेवटच्या 'ना'ला त्याचा जबडा बरोबर उघडा राहतो, आत्या. डब्याला त्याचंच झाकण बसावं तसं बसलं. खोलीतले सगळे हसले. दिग्दर्शकांनी टाळी दिली आणि मी ती घेतली.

ते प्रत्येक भागात येणार असं ठरलं. पुढे ते मुलांच्या तोंडी बसलं. दुकानात पिशव्यांवर आलं. पण मालिका लागण्याआधीच मला वाटलं होतं, तुला केवढा आनंद होईल! खरंच वाटलं गं, एवढी मी शहाणी. म्हणून तर पहिला भाग लागणार त्या दिवशी मी मुद्दाम पळसदरीला आले. तू आळीतल्या सगळ्यांना बोलावलं होतंस, घावने केले होतेस, आणि टीव्हीवरचा क्रोशाचा रुमाल काढून त्याची घडी मांडीवर ठेवून बसली होतीस. गुबऱ्या ते वाक्य बोलला आणि पळाला. घर हसून लोळलं. तूही हसलीस. कुणीतरी म्हणालं, "ए बायजा, ही तर तू!" तेव्हाही हसलीस. मग हळूहळू तुझं हसू गेलं. तू भाग संपेपर्यंत नीट लक्ष देऊन पाहिलंस. नंतर ताटं गोळा करताना एवढंच विचारलंस, "शेरा न् निळी तुज्यासारकं बोलतात, व्हय गं? न् ह्यो पळणारा तेवढा आमच्यासारका." मी काय म्हणाले आठवतं? "अगं आत्या, गंमत आहे ती." तू रुमाल परत टीव्हीवर घातलास. "कोन बोलतो गं ह्या कुत्र्याचा आवाज?" असंही विचारलंस. मी म्हणाले, मुंबईचे एक कलाकार आहेत.

पुढचं मला तू सांगितलं नाहीस, रूपेशने सांगितलं, आणि तेही भांडल्यासारखं. अंगणवाडीत नवीन आलेली एक पोर रडत होती, नव्या वसाहतीतली. तू तिला कडेवर घेतलंस आणि तुझ्या सवयीने तेच वाक्य म्हणालीस. बाकीची पोरं ओरडली, "गुबऱ्या! गुबऱ्या!" आणि पळत जाऊन सतरंजीखाली लपली. त्यांना कुणी शिकवायला नको, टीव्हीवर तसंच होतं ना. ती रडणारी पोरही रडायची थांबली आणि तुझ्या कडेवरून उतरून त्यांच्यात लपायला गेली. दुसऱ्या दिवशी त्यांच्या आया दारात थांबून म्हणाल्या, "मावशी, बोला ना एकदा, व्हिडिओ काढतो." तू बोललीस. तू कुणाला नाही कशी म्हणणार! रूपेश म्हणतो, आता नवीन पोर रडलं तर तू नुसती पाठीवरून हात फिरवतेस. कुत्र्यांनाही हाक मारत नाहीस, टोपाच्या कडेवर डाव वाजवतेस. तलाठी गोंधळतो म्हणे, येतो आणि तुझ्या तोंडाकडे बघत उभा राहतो.

हे ऐकूनही मी लगेच आले नाही. काम आहे, सुरभीची शाळा आहे, अशी कारणं तयार असतात माणसाकडे. मी व्हिडिओ कॉल लावला. सुरभीला ताप होता, इंजेक्शनला घाबरत होती. तू तिकडून म्हणालीस, "घाबरू नको माजे बाय, मी हाय ना." आणि माझी पोर तापातसुद्धा उठून बसली आणि टाळ्या पिटत म्हणाली, "आई, आजी गुबऱ्यासारखं बोलते!" मी तिला गप्प करायला हवं होतं. आजी गुबऱ्यासारखं बोलत नाही, गुबऱ्याने आजीचं चोरलंय, एवढं सांगायचं होतं. मी हसले, आत्या. तू मला हसताना पाहिलंस. होस्टेलच्या दारातल्या त्या मुलींसारखीच दिसत असेन मी.

त्यानंतर मी फोन केला तेव्हा तू म्हणालीस, "मी ठीक आहे. तू कशी आहेस? जेवण झालं का?" आधी मला वाटलं, नंबर चुकला. तू एकेक शब्द जपून ठेवत होतीस, पाहुण्यांपुढे नवीन कप ठेवावेत तशी. 'आहे' म्हणताना तुला दम लागत होता. बाकी बोलणं काय झालं ते माझ्या लक्षात नाही. ठेवून दिला मी फोन. त्यानंतर हिंमतच होत नाही. तू मला रागाने चार शब्द सुनावले असतेस तर मी ते झेलले असते. पण तू मला पाहुणी केलंस, आणि ते माझ्याच करणीने.

काही केलंच नाही असं नाही, पण जे केलं ते सांगायच्या लायकीचं नाही. मालिकेच्या भागांचा दुसरा संच आलाय. मी दिग्दर्शकांना म्हणाले, या वेळी शेराला आमच्याकडचं बोलायला लावू, संकटात तो पिल्लांना म्हणेल, मी हाय ना, आणि पळणार नाही, उभा राहील. ते हसले नाहीत, उलट समजुतीने बोलले. म्हणाले, "अहो, तो पुढारी आहे. मुलांना खरा वाटणार नाही." मी त्यांना सांगायला हवं होतं की मी एका माणसाला तसं उभं राहिलेलं पाहिलंय, कणगीमागे, भात करपत असताना. नाही सांगितलं. "बरं" म्हणाले आणि वही मिटली.

आता ज्यासाठी हे पत्र लिहायला बसले ते लिहिते, नाहीतर पुन्हा कुत्र्यांची चौकशी करत बसेन. मुंबईचे कलाकार वगैरे कुणी नाही, आत्या. एक आले होते, पण त्यांना ते वाक्य जमेना, नाटकी व्हायचं. दिग्दर्शक म्हणाले, तुम्ही एकदा बोलून दाखवा. मी काचेपलीकडच्या त्या बंद खोलीत गेले, कानांवर ते जाड यंत्र चढवलं, आणि बोलले. मग त्यांनी तोच आवाज ठेवला, थोडा घोगरा केला एवढंच. गुबऱ्या मी आहे. तुझ्या घरात, तुझ्या शेजारी बसून मी तुला खोटं सांगितलं, आणि तुझ्यासकट कुणीही मला ओळखलं नाही, कारण होस्टेलला गेल्यापासून तुम्ही कुणी मला तसं बोलताना ऐकलंच नव्हतं. आणि याहून वाईट सांगू? त्या खोलीत मला फार बरं वाटायचं. दार बंद झालं की मी तासन्‌तास आपल्या घरचं बोलायची, पोटभर. बाहेर आले की परत पुस्तक. माझ्या भाषेत बोलायला मला कुत्र्याचं तोंड लागलं, आणि तेही पळपुट्या कुत्र्याचं. कणगीमागे लपणारी मी, आणि नाव मात्र तुझं झालं.

येत्या नाही, त्याच्या पुढच्या बुधवारी रेकॉर्डिंग आहे. त्याच्या आदल्या दिवशी, मंगळवारी सुरभीला घेऊन येते. तिला मी सगळं सांगितलंय, हे वाक्य पहिलं कुणाचं तेही. तिने विचारलं, "मग गुबऱ्याने आजीला विचारलं का नाही?" तेच विचारायला येतेय. तू नाय म्हणालीस तर मी त्या खोलीत परत पाऊल ठेवणार नाय. पण ते 'नाही' म्हणू नको गं, आपलं 'नाय' म्हण. दारात मला 'ये, बस' म्हणू नको. आळीला ऐकू जातील अशा शिव्या घाल, तुज्या तोंडच्या. पोरं हसली तर हसू दे. या टायमाला मी पळणार नाय. आत्या, घाबरू नको, मी हाय ना.

तुझीच,
हर्षी