यंत्राचा खांदा

नेर, पोळ्याच्या आदली सांज

विचार करणाऱ्या यंत्रांना माणसासारखे हक्क देणारा जगभरचा करार आजपासून लागू झाला. सकाळी बातमी ऐकून मी हसलो. इथं बोंडअळी कपाशी खाऊन राहिली, अन् यांना यंत्रांची पडली.

सांजेला आईनं हळद-तुपानं बैलांचे खांदे शेकले. मग तशीच, हळदीच्या हातांनी, आमच्या फवारणीच्या यंत्रापुढं उभी राहिली.

"तुहा खांदा कोठं हाय, बापा?"

मग औषधाची टाकी वाहणारा हात यंत्रानं हळूच तिच्यापुढं धरला.

"इथं दुखते."

आईनं तिथं शेकलं. मग बैलांना म्हणतात तसंच त्यालाही म्हणाली, "आज आवतण घे, उद्या जेवाले ये."

मी हसलो नाही. त्या हातावरची हळद अजून ओली आहे.

परवा फवारणीला येतोस का, हे त्याला विचारावं लागेल. करार नसता तरी आता विचारावंच लागलं असतं.