रिकाम्या खुर्चीसमोरचं कडवं

गेंट, बेल्जियम

आये, तुझ्या पायांवर डोकं.

मी बरा आहे, कानटोपी घालतो. मी भांडी धुतो त्या हॉटेलाच्या माडीवर कवी, चित्रकार, नाटकवाल्यांची पाचशे वर्षं जुनी मंडळी आहे. जिना आपल्या देवळाच्या पायरीसारखा झिजलाय, ते असो. मला सोंगाड्याचं काम दिलंय, भाषा येत नाही म्हणून.

त्यांच्या कवितेचं शेवटचं कडवं कायम मंडळीच्या प्रमुखाला उद्देशून असतं. यंदा तो वारला, खुर्ची रिकामी ठेवली. म्हातारी सेक्रेटरी म्हणाली, "आज तू म्हण, तुझ्या भाषेत."

बाबांच्या दशावतारातलं म्हणणार होतो. तोंडातून आलं, "बाबानू, तुमका मसणापर्यंत पोचवूक येवक जमला नाय."

टाळ्या पडल्या गो. कोणाक कायच कळला नाय.

बाबांची खुर्ची पडवीतून हलवलंस नाय मां?

तुझो दिगू